तळे नको, ओला कातळ हवा

नवी मुंबईच्या पूर्वेला दिसणाऱ्या माथेरानच्या डोंगरात ‘इंडिराना लेइथाई’ हा तपकिरी बेडूक राहतो. पालापाचोळ्यात तो सहज दिसत नाही. पाऊल जवळ पडले की लांब उडी मारतो, तेव्हाच कळतो. प्राणिशास्त्रज्ञ बूलेंजर यांनी १८८८मध्ये माथेरानच्याच नमुन्यांवरून त्याची नोंद केली.

खरे नवल त्याच्या पिल्लांचे. ती डबक्यात वाढत नाहीत. पावसाळ्यात पाणी पाझरणाऱ्या कातळाला चिकटून ती शेवाळ खरवडतात. शेपूट लांब, मागचे पाय लवकर फुटलेले. धोका जाणवताच कातळावरून चक्क उड्या मारतात! म्हणून घाटरस्त्यालगतचे असे ओले कातळ सिमेंटने लिंपणे या बेडकाला फार महाग पडेल. त्याचे कुळ भारताबाहेर कुठेच नाही.