एका मताचे मोल

न्यायालयाचे नाटक म्हटले की वकिलांची खडाजंगी, साक्षीदारांची उलटतपासणी आणि न्यायाधीशांचा निकाल डोळ्यांपुढे उभा राहतो. परंतु २० सप्टेंबर १९५४ रोजी अमेरिकेत सी.बी.एस. दूरचित्रवाणीच्या 'स्टुडिओ वन' या मालेत थेट प्रक्षेपित झालेले 'ट्वेल्व्ह अँग्री मेन' हे नाटक निराळे होते. साक्षीपुरावे संपल्यावर ज्यूरीचे १२ पंच ज्या बंद खोलीत विचारविनिमयास बसतात, तेथेच ते घडते. लेखक रेजिनाल्ड रोझ यांनी त्याच वर्षी स्वतः पंचाचे काम केले होते. त्या अनुभवातून हे नाटक स्फुरले.

एका तरुणावर पित्याच्या खुनाचा आरोप आहे. तो दोषी ठरल्यास देहान्त शिक्षा अटळ आहे. मात्र निर्णयास बाराही पंचांचे एकमत हवे. पहिल्या मतदानात ११ जण 'दोषी' म्हणतात. आठव्या क्रमांकाचा पंच तेवढा 'निर्दोष' म्हणतो. मुलगा निरपराधच आहे, असा त्याचा दावा नाही. एका जिवाचा निकाल चर्चेवाचून लावू नये, एवढेच त्याचे म्हणणे.

मग एकेक पुरावा पारखला जातो. खुनाचा चाकू दुर्मीळ मानावा, तर हा पंच तसाच चाकू खिशातून काढून दाखवतो. पाय ओढीत चालणारा वृद्ध साक्षीदार १५ सेकंदांत दारापाशी पोहोचला कसा? धावत्या आगगाडीच्या खिडक्यांतून खून पाहिल्याचे सांगणाऱ्या स्त्रीच्या नाकावर चष्म्याच्या खुणा होत्या. रात्री अंथरुणावर तिने चष्मा लावला होता काय? या प्रश्नांबरोबर पंचांची मनेही उघडी पडतात. कोणाला घरी जाण्याची घाई, तर कोणाच्या मनात गरीब वस्तीतील मुलांविषयी आकस!

खरा खुनी कोण, हे शेवटपर्यंत कळत नाही. आणि तेच या नाटकाचे मर्म आहे. आरोप सिद्ध करण्याचा भार फिर्यादी पक्षावर असतो. वाजवी शंका उरली, तर आरोपीस शिक्षा देता येत नाही.

या कथेवर १९५७ साली सिडने ल्यूमेट यांनी चित्रपट काढला. १९८६ साली बासू चटर्जी यांनी तीच कथा 'एक रुका हुआ फैसला' या नावाने हिंदीत आणली. आपल्याकडे १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने खुनाच्या खटल्यांतील ज्यूरी संपवली. ज्यूरी गेली, तरी शंकेचा फायदा आरोपीस देण्याचे तत्त्व आपल्या न्यायालयांत आजही पाळले जाते. अकरा जणांचे मत एक असले, तरी बाराव्याचा सयुक्तिक प्रश्न ऐकून घेणे, हीच न्यायाची पहिली पायरी होय.