अखेरच्या तबकडीवरील शब्द

बेळगाव, धारवाड किंवा मडगावास शिकावयास गेलेली आपल्या भागातील मुले सुट्टीत जोयड्यास परततात, तेव्हा एखाद्याच्या अंगात काळा सदरा दिसतो आणि त्याच्या छातीवर पांढऱ्या, वेड्यावाकड्या रेषांची चळत. अनमोड घाटातून दिसणाऱ्या डोंगररांगांचे ते चित्र असावे, असे घरातील वडीलधाऱ्यांस वाटले तर नवल नाही. वस्तुतः त्या एका स्पंदमान ताऱ्याच्या रेडिओ-लहरी आहेत. १९६७ साली त्या ताऱ्याचा शोध लागला आणि १९७९ साली 'जॉय डिव्हिजन' या इंग्रज रॉक वाद्यवृंदाने आपल्या पहिल्या ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनावर ते चित्र छापले. सदरा पुष्कळांच्या अंगी असतो. गाणे ऐकलेले थोडे. या वाद्यवृंदाच्या दुसऱ्या आणि अखेरच्या 'क्लोजर' या ध्वनिमुद्रिकेविषयी येथे लिहावयाचे आहे.

मँचेस्टर हे कापडगिरण्यांचे शहर. आणि ते दिवस गिरण्या बंद पडण्याचे. तेथील व शेजारच्या सॅल्फर्ड, मॅकल्सफील्ड या गावांतील चार कामकरी घरांतील मुले एकत्र आली: इयन कर्टिस गाणारा, बर्नार्ड समनर गिटारवर, पीटर हूक बास गिटारवर आणि स्टीफन मॉरिस ड्रमवर. त्यांची ध्वनिमुद्रिका काढणारी 'फॅक्टरी' ही कंपनी लहान व स्वतंत्र होती. मोठ्या कंपन्यांच्या आश्रयावाचून चालणाऱ्या अशा संगीतालाच पुढे 'इंडी' हे नाव रूढ झाले. हूकजवळचे ध्वनिवर्धक यंत्र हलके असल्यामुळे त्याला स्वतःचे खालचे स्वर ऐकू येत नसत, म्हणून तो वरच्या पट्टीत वाजवू लागला. परिणामी जे वाद्य एरवी मागे राहून ठेका सांभाळते, तेच येथे गाण्याची चाल गाऊ लागले. गरिबीतून शैली जन्मास येते ती अशी.

कर्टिस मॅकल्सफील्डच्या रोजगार कार्यालयात अपंगांना काम मिळवून देणाऱ्या विभागात नोकरीस होता. तेथे अपस्माराचे झटके येणारी एक तरुणी येत असे. पुढे ती वारल्याचे त्याला कळले आणि तिच्यावर त्याने एक गीत रचले. त्यानंतर, १९७८ च्या डिसेंबरात, लंडनहून कार्यक्रम करून परतताना त्यालाच पहिला मोठा झटका आला. विवाह एकोणिसाव्या वर्षी झालेला. १९७९ च्या एप्रिलात मुलगी झाली. रात्रीची जागरणे, रंगमंचावरील लुकलुकते दिवे आणि मनःस्थितीवर विपरीत परिणाम करणारी त्या काळची औषधे, हे सारे एकाच वेळी चालू होते. तो गाताना हात झटकून विलक्षण नाचे. ते नृत्य की झटका, हे कित्येकदा प्रेक्षकांना उमगत नसे. ते टाळ्या वाजवीत.

आपल्याकडे अशा रोग्याच्या नाकाशी कांदा किंवा चप्पल धरतात आणि सोयरीक जुळविताना ही गोष्ट दडवितात. पहिल्याने काहीही होत नाही, दुसऱ्याने पुष्कळ बिघडते. पण मँचेस्टरसारख्या पुढारलेल्या नगरातही त्या मुलाच्या दुखण्याविषयी त्याच्या भोवतालची माणसे फारसे बोलत नव्हती, हेही ध्यानात घ्यावे.

'क्लोजर'चे मुद्रण मार्च १९८० मध्ये लंडनच्या ब्रिटानिया रो येथे झाले. निर्माता मार्टिन हॅनेट याने प्रत्येक वाद्याभोवती इतकी मोकळी जागा ठेवली आहे, की रिकाम्या देवळाच्या सभामंडपात कोणी दूरवर गात असल्याचा भास व्हावा. गाणी एकंदर नऊ. पहिल्या बाजूवर ताल रेटीत, ढकलीत पुढे जातो. दुसऱ्या बाजूवर गती मंदावत जाते आणि शेवटच्या दोन गाण्यांत ती जवळजवळ अंत्ययात्रेची होते. कर्टिसचा आवाज खर्जातला. त्यात आक्रोश नाही, करुणेची याचना नाही. आपल्या भावगीतांतील विरहव्यथेला जो गोडवा असतो, तोही नाही. माझ्या मते पहिल्या ऐकण्यात ही तबकडी कोणालाही आवडू नये. तिसऱ्यांदा ती सोडवत नाही.

अपयश, अपराधाची जाणीव, उरलेले एकटेपण हे सारे त्या गीतांत उघड लिहिलेले होते. सोबत्यांनी पुढे अनेकदा सांगितले, की आम्ही शब्दांकडे लक्षच दिले नाही. तो दुसऱ्या कोणाविषयी लिहितो आहे असे आम्हांस वाटे. एप्रिलच्या आरंभी त्याने एकदा जीव देण्याचा प्रयत्न केला, तरीही लगेचच पुन्हा त्याला कार्यक्रमास नेण्यात आले. १८ मे १९८० रोजी, अमेरिकेच्या पहिल्या दौऱ्यास निघावयाच्या आदल्या दिवशी, त्याने आपले जीवन संपविले. वय अवघे तेवीस. (आपल्या देशात आज 'टेलि-मानस' या सेवेचा १४४१६ हा विनामूल्य क्रमांक आहे. तो घरातील दिनदर्शिकेवर लिहून ठेवावा.)

१८ जुलैस 'क्लोजर' प्रसिद्ध झाली आणि ब्रिटनच्या यादीत सहाव्या स्थानी पोहोचली. वेष्टनावर जिनोव्हा येथील स्टाल्येनो स्मशानभूमीतील एका समाधीचे छायाचित्र होते. मृत्यूचा व्यापार मांडला, असे लोकांना वाटेल या भयाने कंपनीची माणसे अस्वस्थ झाली. परंतु ते चित्र कर्टिसच्या हयातीतच निवडलेले होते. तेव्हापासून ही ध्वनिमुद्रिका निरोपाचे पत्र म्हणून ऐकली जाते. मला ते पुरते पटत नाही. चौघेही आपापले काम मन लावून करीत होते आणि पुढचा दौरा ठरलेला होता.

काळी नदीवरील धरणात जुने सुपे गाव बुडाले, तालुक्याचे ठाणे जोयड्यास आले. सुपे हे नाव मात्र धरणाला राहिले. येथे उलटे झाले. चौघांपैकी एक जरी गेला तरी हे नाव वापरावयाचे नाही, असे त्यांच्यात आधीच ठरलेले होते. उरलेल्या तिघांनी ते सोडले आणि 'न्यू ऑर्डर' या नावाने ते वाजवू लागले. त्यांनी १९८१ साली काढलेले पहिले गाणे कर्टिसच्याच वेळचे होते. त्याचे शब्द कोणापाशीही लिहिलेले नव्हते. सरावाच्या वेळी घेतलेल्या अस्पष्ट फितीवरून, यंत्राने आवाज कमीअधिक करीत, तिघांनी ते पुनःपुन्हा ऐकून उतरवून घेतले. काही ठिकाणी त्याने नेमके काय म्हटले आहे ते लागेना, तेथे त्यांनी अंदाजाने शब्द घातले.