दूरवरून ऐकू येणारा बॅन्जो

‘आउटर वाइल्ड्स’ या गेममध्ये खेळणारा छोट्याशा यानातून एकटाच भटकत असतो. त्याच्या हातात एक यंत्र असतं. ते एका ग्रहाकडे रोखलं की बॅन्जो ऐकू येतो, दुसऱ्याकडे वळवलं की बासरी. आणखी कुठून तरी शीळ, तालवाद्य, हार्मोनिका. आधी निघून गेलेले पाच प्रवासी वेगवेगळ्या ठिकाणी एकेकटे आहेत आणि प्रत्येक जण आपलं वाजवतो आहे.

अ‍ॅलेक्स बीचम यांनी विद्यार्थिदशेत सुरू केलेला हा प्रकल्प २०१९मध्ये पूर्ण गेम होऊन आला. त्यात दर २२ मिनिटांनी सूर्याचा स्फोट होतो, सगळं संपतं आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू होतं. इतक्या निराश करणाऱ्या चौकटीत माणूस तग धरतो तो या सुरांमुळे. संगीतकार अँड्र्यू प्राहलो यांनी पाचही वाद्यांना एकाच धूनचे तुकडे दिले आहेत. जवळ गेलं तर एकच वाद्य कानी पडतं. सूर्यमालेच्या कडेला जाऊन मागे वळून ऐकलं, तर सगळी वाद्यं एका लयीत जुळतात. एकेकटे वाजवणारे खरं तर एकत्र वाजवत असतात. ते कळतं दूर गेलेल्याला.

स्वतंत्रपणे काम करणाऱ्या छोट्या चमूंकडे शेकडो पात्रं उभी करायला पैसा नसतो. रिकाम्या जागेतूनच त्यांना अर्थ काढावा लागतो आणि तिथे संगीत कामाला येतं. मार्कुस पेर्सोन यांनी एकट्याने सुरू केलेल्या ‘माइनक्राफ्ट’मध्ये डॅनियल रोझेनफेल्ड यांचा पियानो बराच वेळ गप्प राहतो. आपण खाणीत दगड फोडत असतो आणि कसलंही निमित्त नसताना चार सूर येऊन जातात. ते शांततेला धक्का लावत नाहीत. हे संगीत २०२५मध्ये अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने जतन करण्याजोग्या ध्वनिमुद्रणांच्या यादीत घेतलं.

जेनोव्हा चेन यांच्या चमूचा ‘जर्नी’ (२०१२) आणखी पुढे जातो. वाळवंटातून दूरच्या डोंगराकडे चालताना जगात कुठेतरी खेळत असलेली एक अनोळखी व्यक्ती भेटते. नाव दिसत नाही, बोलता येत नाही, फक्त एक सूर काढता येतो. चाचणीच्या काळात खेळणारे एकमेकांना ढकलून देत. चेन यांनी ढकलण्याची सोयच काढून टाकली आणि जवळ आल्यावर दोघांनाही बळ मिळेल असं केलं. मग लोक एकमेकांसाठी थांबू लागले. ऑस्टिन विंटरी यांचं चेलोप्रधान संगीत खेळणाऱ्याच्या चालीनुसार बदलतं. ग्रॅमीच्या पार्श्वसंगीत विभागात नामांकन मिळालेलं गेमचं ते पहिलं संगीत.

हे तिन्ही गेम सोबतीची घाई करत नाहीत. एकटं राहणं ही माणसाची गरज आहे हे ते मान्य करतात, आणि आपली दखल घेणारं कुणीच नाही ही भावना मात्र वाढू देत नाहीत. या दोन्हींत फरक पडतो तो एखाद्या सुराइतक्या खुणेने. घरातला मुलगा किंवा मुलगी हेडफोन लावून तासन्‌तास असा गेम खेळत असेल, तर त्यांना एकलकोंडं म्हणण्याआधी एक हेडफोन मागून घ्यावा. तिकडे काय वाजतं आहे हे ऐकलं, की बोलण्याचा विषय आपोआप सापडेल.