सवारीच्या वाटेने जुने उज्जैन



मागच्या दिवाळीत आमच्याकडे पुण्याहून पाहुणे आले होते. महाकालाचे दर्शन घेऊन आम्ही चालत गुदरीकडे निघालो. वाटेत चौबीस खंबा लागला. पाहुण्यांच्या लेकीने आमच्या नववीतल्या भाच्याला विचारले, "अरे, हे एवढे खांब कशाचे?" भाचा म्हणाला, "ते होय? ते रोजच दिसतात." ती हसली आणि म्हणाली, "दिसतात ते ठाऊक आहे. पण कशाचे?" भाचा गप्प झाला. खरे सांगायचे तर मीही गप्पच होतो.

त्या दिवशी लक्षात आले की आपण उज्जैनात पिढ्यान्‌पिढ्या राहतो, पण आपले गाव दुसऱ्याला दाखवता येईल इतके ते आपल्याला ठाऊक नाही. म्हणून या अंकात जुने शहर पायी कसे पाहावे आणि पाहुण्यांना कसे दाखवावे, याविषयी थोडे सांगतो.

पायीच का?

जगातल्या अनेक जुन्या शहरांत जाणकार माणसाबरोबर दोन-तीन तास पायी फिरण्याची पद्धत आहे. मेक्सिको देशाची राजधानी मेक्सिको सिटी हे त्याचे चांगले उदाहरण. तिथल्या मधल्या भव्य चौकात गाइड लोकांची टोळकी घेऊन उभे असतात. समोर स्पॅनिश लोकांनी बांधलेले प्रचंड चर्च दिसते. त्याच्या शेजारीच १९७८ साली वीज खात्याचे कामगार खणत असताना अ‍ॅझटेक देवीची कोरीव मूर्ती असलेली सव्वातीन मीटर व्यासाची गोल शिळा लागली. पुढे तिथेच अ‍ॅझटेक लोकांचे मुख्य मंदिर उकरून काढण्यात आले. गाइड एका जागी उभा राहून चर्च दाखवतो आणि चार पावले पुढे जाऊन त्याच्याही आधीचे गाव दाखवतो. मोटारीत बसून हे कळत नाही, कारण दोन काळांमधले अंतर तिथे चार पावलांचे आहे.

आपल्याकडेही तसेच घडले. महाकाल मंदिराच्या परिसराचा विस्तार होत असताना २०२० आणि २०२१ साली खोदकामात सुमारे हजार वर्षांपूर्वीच्या मंदिराचे अवशेष सापडले. म्हणजे आपण जिथे रांगेत उभे राहतो, तिथे पायाखाली आणखी एक उज्जैन आहे.

वाट आधीच आखलेली आहे

पायी फेरीसाठी वाट कोणती घ्यावी, असा प्रश्न उज्जैनात पडायचे कारण नाही. श्रावणातल्या सोमवारी महाकालाची पालखी ज्या वाटेने नगर पाहायला निघते, तीच घ्यावी. महाकाल मंदिर, कोट मोहल्ला, गुदरी, बक्षी बाजार, कहारवाडी, रामघाट. तिथून रामानुजकोट, मोढांची धर्मशाळा, कार्तिक चौक, खाती मंदिर, सत्यनारायण मंदिर, ढाबा रोड, टंकी चौक, छत्री चौक, गोपाल मंदिर, पटनी बाजार, आणि गुदरीवरून परत महाकाल. राजाने आपले नगर पाहावे म्हणून ही वाट ठरली. आपणही नगरच पाहणार आहोत. रमतगमत, थांबत थांबत गेले तर अडीच-तीन तास लागतात.

निघण्यापूर्वी एक नियम मनाशी पक्का करा. चांगला गाइड तीन गोष्टी वेगवेगळ्या ठेवतो : डोळ्यांना काय दिसते, कागदोपत्री काय नोंदलेले आहे, आणि लोक काय सांगत आले आहेत. तिन्ही सांगाव्यात, पण एकीला दुसरीच्या नावाने खपवू नये.

महाकाल ते रामघाट

सुरुवात महाकालापासून. इथले जुने मंदिर १२३५ च्या सुमारास दिल्लीचा सुलतान इल्तुतमिश याच्या स्वारीत मोडले गेले. आज आपण पाहतो ते मंदिर अठराव्या शतकाच्या पूर्वार्धातले. राणोजी शिंदे यांचे दिवाण रामचंद्रबाबा सुखटणकर यांनी ते उभारले. मंदिर तीन मजली आहे : तळाशी महाकाल, वर ओंकारेश्वर आणि त्याच्याही वर नागचंद्रेश्वर. नागचंद्रेश्वराचे दार वर्षातून एकदाच, नागपंचमीला उघडते. मंदिराच्या पलीकडचा 'महाकाल लोक' मात्र अगदी अलीकडचा. त्याचे लोकार्पण ११ ऑक्टोबर २०२२ रोजी झाले. पाहुण्यांना दोन्ही दाखवा, पण कोणते कधीचे ते जरूर सांगा. अनेकांना नवे शिल्पही पुरातनच वाटते!

जवळच महाराजवाडा आहे. तिथे कित्येक वर्षे शाळा भरत असे. आपल्यापैकी काहींचे वडील आणि आजोबा त्याच शाळेत शिकले असतील. आता त्या वास्तूचे हेरिटेज हॉटेल झाले आहे. तिथल्या शाळेच्या आठवणी कुठल्या फलकावर सापडणार नाहीत. त्या आजोबांनाच विचाराव्या लागतील.

पुढे येतो चौबीस खंबा. पाहुण्यांच्या लेकीला त्या दिवशी द्यायला हवे होते ते उत्तर असे : हे एक दार आहे. महाकालाच्या परिसराभोवती जो कोट होता, त्याचे हे प्रवेशद्वार, सुमारे हजार वर्षांपूर्वीचे. 'कोट मोहल्ला' हे नाव त्या कोटाची आठवण. दाराच्या दोन्ही बाजूंना महामाया आणि महालया या देवी आहेत. नवरात्रातल्या अष्टमीला सरकारतर्फे जी नगरपूजा होते, ती इथूनच सुरू होते. पूजा करायला खुद्द जिल्हाधिकारी येतात.

गुदरीपासून पुढे गल्ल्यांच्या नावांकडे लक्ष द्या. बक्षी म्हणजे जुन्या काळी फौजेचा पगार वाटणारा अधिकारी. कहार म्हणजे पालखी वाहणारे भोई. मोढ हे गुजरातेतले. खाती हा माळव्यातला शेतकरी समाज; कार्तिक चौकातल्या त्यांच्या जगदीश मंदिरातून आषाढात रथयात्रा निघते. रामानुजकोट दक्षिणेतल्या रामानुजाचार्यांच्या परंपरेचा. नुसत्या पाट्या वाचत चालले तरी कोण कोण कुठून येऊन या गावात राहिले, याची यादीच तयार होते. आपण मराठी लोक त्या यादीतले एक. गाव आपल्या एकट्याचे नाही, आणि आपण इथले उपरेही नाही, हे दोन्ही या वाटेवर कळते.

रामघाटावर पालखी थांबते आणि क्षिप्रेच्या पाण्याने अभिषेक होतो. सिंहस्थात लाखोंची गर्दी होते ती याच घाटावर. गुरू सिंह राशीत येतो तेव्हा, म्हणजे साधारण बारा वर्षांनी, हा मेळा भरतो. मागचा २०१६ साली झाला, पुढचा २०२८ साली आहे. नदीविषयीही खरे ते सांगावे. उन्हाळ्यात क्षिप्रेला स्वतःचे पाणी पुरत नाही, म्हणून नर्मदेचे पाणी उचलून तिच्यात सोडण्याची योजना २०१४ मध्ये सुरू झाली.

घाटावरून थोडी वाट वाकडी करून हरसिद्धीला जाऊन या. देवळासमोरच्या दोन उंच दीपमाळा पाहिल्या की मराठी माणसाला जेजुरी आठवते. त्या मराठा काळातल्याच आहेत. नवरात्रात त्या उजळतात तेव्हा कुटुंबासह अवश्य जावे.

गोपाल मंदिर

ढाबा रोडवरून छत्री चौकात आलो की समोर गोपाल मंदिर. हे दौलतराव शिंदे यांच्या पत्नी बायजाबाई शिंदे यांनी एकोणिसाव्या शतकात बांधवले. बायजाबाई कागलच्या घाटगे घराण्यातल्या. पती गेल्यावर १८२७ ते १८३३ या काळात त्यांनी ग्वाल्हेर राज्याचा कारभार सांभाळला. १८१० साली दौलतरावांनी आपले ठाणे ग्वाल्हेरला हलवले. तोपर्यंत शिंद्यांची राजधानी उज्जैनच होती. राजधानी गेली तरी या घराण्याचे लक्ष इथून सुटले नाही, याची साक्ष हे मंदिर देते.

आता गाइडची खरी परीक्षा. गाभाऱ्याला चांदीचे दरवाजे आहेत. हे दरवाजे सोमनाथचे, ते गझनीला नेले होते, तिथून लाहोरला आले आणि महादजी शिंदे यांनी परत आणले, असे लोक सांगतात. दरवाजे चांदीचे आहेत हे डोळ्यांना दिसते. पुढचे सारे ऐकीव आहे. १८४२ साली इंग्रजांनीही गझनीहून मोठ्या थाटात 'सोमनाथचे दरवाजे' आणले. ते सोमनाथचे नसल्याचे नंतर उघड झाले. आजही ते आग्र्याच्या किल्ल्यात आहेत. तेव्हा आपल्या दरवाजांची कथा अवश्य सांगा, रंगवूनही सांगा, पण आरंभी 'अशी आख्यायिका आहे' हे तीन शब्द ठेवा. त्याने कथेची गोडी कमी होत नाही आणि ऐकणाऱ्याचा आपल्यावरचा विश्वास वाढतो.

याच चौकात वैकुंठ चतुर्दशीच्या मध्यरात्री हरिहर भेट होते. महाकालाची पालखी गोपालकृष्णाच्या भेटीला येते. शिवाला तुळस वाहतात आणि विष्णूला बेल. एरवी उलट असते, हे घरातल्या आजीला विचारा!

दोन श्रावणांची सवारी

परतीच्या वाटेवर मुलांना एक कोडे घाला : श्रावण एकच महिना, मग सवारी दीड महिना कशी चालते? आपल्या आसपासच्या हिंदीभाषक घरांत महिना पौर्णिमेला संपतो, आपल्या मराठी पंचांगात अमावास्येला. म्हणून त्यांचा श्रावण आपल्या आधी पंधरा दिवस लागतो आणि आपला त्यांच्यानंतर पंधरा दिवस संपतो. आपल्या श्रावणातला वद्य पक्ष त्यांच्या हिशेबी भाद्रपद असतो. महाकालाची सवारी त्यांच्या श्रावणात सुरू होते आणि आपला श्रावण संपेपर्यंत चालते. शेवटची, सर्वांत मोठी सवारी त्यांच्या भाद्रपदात म्हणजे आपल्या श्रावण वद्यात निघते. ही शिंद्यांच्या काळातल्या मराठी रिवाजाची छाप मानली जाते. दोन पंचांगे एकाच पालखीमागून चालतात, याहून उज्जैनची चांगली ओळख ती काय असणार?

दुसऱ्या दिवसासाठी

वेधशाळा या वाटेवर नाही; तिला वेगळी सकाळ द्या. सवाई जयसिंह माळव्याचे सुभेदार असताना अठराव्या शतकात त्यांनी ती बांधली आणि माधवराव शिंदे यांनी १९२३ साली तिचा जीर्णोद्धार केला. तिथल्या सम्राट यंत्राच्या सावलीवरून वेळ वाचा आणि आपल्या घड्याळाशी ताडून पाहा. दोन्ही जुळत नाहीत. आपले घड्याळ ८२॥ अंश पूर्व रेखांशाची वेळ दाखवते, उज्जैन मात्र पावणेशहात्तर अंशांजवळ आहे. म्हणजे इथला सूर्य घड्याळापेक्षा सुमारे सत्तावीस मिनिटे मागे. ऋतूप्रमाणे त्यात काही मिनिटांचा फरक पडतो तो वेगळा.

आताच का?

२०२८ च्या सिंहस्थाची तयारी जोरात आहे. गर्दी सामावायची तर रस्ते रुंद करावे लागतात, आणि जुन्या शहरात रस्ता रुंद झाला की दोन्ही बाजूंच्या घरांचे दर्शनी भाग जातात. यात कोणाला दोष देण्याचा हेतू नाही. चेंगराचेंगरी टाळणे हेही मोठेच काम आहे. पण कोरीव लाकडी खांब, सज्जा, दिंडी दरवाजा, ओटा हे एकदा गेले की पुन्हा दिसत नाहीत. आणि त्या घरात कोण राहत होते, हे सांगणारे आजी-आजोबाही कायमचे नसतात. आपण सगळ्या इमारती वाचवू शकणार नाही. त्यांची नोंद मात्र आपल्या हातात आहे.

म्हणून या सुट्टीत प्रत्येकाने एवढे करावे :

१. घरातल्या सर्वांत वडीलधाऱ्या व्यक्तीबरोबर ही वाट, निदान तिचा एखादा तुकडा, चालावा. त्यांना चालवत नसेल तर घरीच वाट सांगून त्यांच्या आठवणी लिहून घ्याव्यात.

२. वहीत तीन रकाने आखावेत : पाहिलेले, वाचलेले, ऐकलेले.

३. एका जुन्या घराचे छायाचित्र किंवा चित्र काढावे आणि त्यावर तारीख, गल्लीचे नाव घालावे. घरमालकांना आधी विचारावे.

४. सकाळी लवकर निघावे. श्रावणातला सोमवार टाळावा. तो दर्शनाचा दिवस, फेरीचा नव्हे. चपला चटकन काढता येतील अशा असाव्यात. महाकाल मंदिरात मोबाइल नेता येत नाही. परतताना पोहे-जिलबीला हरकत नाही!

५. बाहेरचा गाइड घ्यायचा असल्यास ओळखपत्र पाहावे, पैसे आधी ठरवावेत, आणि 'हे तुम्हाला कसे कळले?' असे नम्रपणे एकदा तरी विचारावे. जाणकाराला या प्रश्नाचा राग येत नाही.

आमच्या भाच्याने मे महिन्यात हे सर्व केले. पुण्याच्या बहिणीला त्याने पत्र पाठवले आणि शेवटी लिहिले, "ते खांब म्हणजे दार आहे. पुढच्या वेळी ये, मी आत नेईन." आपल्या शाळेतल्या प्रत्येक मुलाला आणि मुलीला आपल्या गावाविषयी असे म्हणता यावे, एवढीच इच्छा.