मिथेनवर चालणारी अग्निबाण-एंजिने : श्रेय इंधनाचे किती, दाबाचे किती?

द्रवरूप मिथेन जाळणाऱ्या अग्निबाण-एंजिनांविषयी अलीकडे पुष्कळ लिहिले जाते, आणि या एंजिनांचे सारे यश मिथेनच्या अंगच्या गुणांतच आहे असा त्यातील बहुतेक लेखनाचा सूर असतो. जो वायू दलदलीतून बुडबुड्यांच्या रूपाने वर येतो, जो गोबर गॅसचा मुख्य घटक आहे आणि मुंबईत जो नळाने स्वयंपाकघरापर्यंत पोहोचतो, त्याने अवकाशयान उचलावे यात नवलाचा भाग आहे खरा. परंतु वरील समजूत अर्धीच खरी आहे, आणि तिचा उरलेला अर्धा भाग तपासून पाहणे विद्यार्थ्यांच्या दृष्टीने उद्बोधक ठरेल.

प्रथम इंधनाचा वाटा पाहू. अग्निबाणाच्या प्रोथातून, म्हणजे नोझलमधून, बाहेर पडणाऱ्या झोताचा वेग हा ज्वलनवायूंचे केवल तापमान भागिले त्यांचा सरासरी रेणुभार या गुणोत्तराच्या वर्गमूळाच्या प्रमाणात असतो. मिथेनच्या रेणूत एका कार्बन अणूमागे चार हायड्रोजन अणू असतात. केरोसीनमध्ये हे प्रमाण एकास सुमारे दोन असे आहे. साहजिकच मिथेनच्या ज्वलनातून निघणारे वायू काहीसे हलके असतात. तथापि दाब आणि प्रसरण समान धरले, तर विशिष्ट आवेगात पडणारा फरक अवघा १० सेकंदांच्या आसपास, म्हणजे शेकडा तीन इतकाच भरतो. आता प्रत्यक्ष एंजिने घेऊ. केरोसीनवर चालणाऱ्या मर्लिन एंजिनाचा समुद्रसपाटीवरील विशिष्ट आवेग सुमारे २८२ सेकंद आहे. त्याच स्पेसएक्स कंपनीच्या मिथेनवरील रॅप्टरचा सुमारे ३२७ सेकंद. या ४५ सेकंदांपैकी इंधनाच्या पदरी १० टाकले, तरी ३५ उरतात. ते आले कोठून?

उत्तर ज्वलन कक्षातील दाबात आहे. मर्लिनच्या कक्षातील दाब सुमारे ९७ बार आहे, तर रॅप्टरच्या दुसऱ्या आवृत्तीत तो ३०० बारच्या घरात जातो. कक्षातील दाब अधिक असला की वायूंना बाहेरील हवेच्या दाबापर्यंत येण्यापूर्वी अधिक प्रसरण पावता येते. कमी दाबाच्या एंजिनाला समुद्रसपाटीवर मोठ्या तोंडाचा प्रोथ लावला, तर झोत भिंतीपासून सुटतो आणि रेटा अस्थिर होतो. अधिक दाबाच्या एंजिनाला मात्र तोच प्रोथ मानवतो, आणि उष्णतेचा अधिक भाग वेगात परिणत होतो.

रेट्याच्या बाबतीत तर दाबाचे महत्त्व आणखी स्पष्ट दिसते. रेटा हा कक्षातील दाब आणि प्रोथाच्या कंठाचे क्षेत्रफळ यांच्या गुणाकाराच्या प्रमाणात असतो. सॅटर्न-५ या अग्निबाणाचे एफ-१ एंजिन सुमारे ७० बार दाबावर ६९० टन रेटा देई, परंतु त्याच्या प्रोथाचे तोंड ३.७ मीटर रुंद होते. म्हणजे दर चौरस मीटरमागे सुमारे ६४ टन. रॅप्टरच्या दुसऱ्या आवृत्तीचा रेटा २३० टन आणि तोंड १.३ मीटर, दर चौरस मीटरमागे सुमारे १७३ टन. अग्निबाणाच्या तळाच्या प्रत्येक चौरस मीटरला त्यावर उभ्या असलेल्या इंधनाच्या स्तंभाचे वजन उचलावयाचे असते, हे ध्यानात घेतले म्हणजे अग्निबाण किती उंच बांधता येईल याची मर्यादा याच आकड्यावर अवलंबून असते हे कळून येईल.

मग सर्वांनी दाब का वाढविला नाही? अडचण पंपांची आहे. हिशेबासाठी सुमारे २०० टन रेट्याचे एक एंजिन कल्पू. त्यास दर सेकंदास सुमारे ५१० किलोग्रॅम द्रव ऑक्सिजन आणि १४० किलोग्रॅम द्रव मिथेन लागेल. घनफळ पाऊण घनमीटरहून थोडे अधिक. कक्षात ३०० बार हवे असतील, तर वाटेतील व्यय जमेस धरून पंपांना ६०० बारपर्यंत दाब द्यावा लागेल, असे मानू. म्हणजे ४७ मेगावॉट, आणि पंपांतील हानी मिळविली की ६० मेगावॉटच्या वर शक्ती! मर्लिन व एफ-१ यांच्या रचनेत एकूण प्रचालकाचा लहानसा अंश वेगळा जाळून त्यावर टरबाइन फिरवितात आणि तो वायू बाहेर टाकून देतात. तो अंश शेकडा तीन, म्हणजे २० किलोग्रॅम धरला, तर प्रत्येक किलोग्रॅमकडून ३० लक्ष जूल ऊर्जा काढावी लागेल. टरबाइनच्या पात्यांना सोसेल अशा तापमानात हे शक्य नाही. अंश वाढवावा, तर तेवढे प्रचालक जवळजवळ वाया जाते.

पूर्णप्रवाही चक्राची कल्पना येथे उपयोगी पडते. या चक्रात दोन पूर्वज्वलन कक्ष असतात. एकात सर्व मिथेन आणि थोडा ऑक्सिजन, दुसऱ्यात बाकीचा सर्व ऑक्सिजन आणि थोडे मिथेन जळते. अशा रीतीने ६५० किलोग्रॅमचा सगळा प्रवाह टरबाइनांतून जातो आणि तेथून मुख्य कक्षात शिरतो. काहीच फुकट जात नाही. आता प्रत्येक किलोग्रॅमकडून सुमारे ९२ हजार जूल मिळाले की पुरे. पहिल्या मागणीच्या हा जेमतेम तिसावा हिस्सा झाला. टरबाइने त्यामानाने थंड राहतात, आणि थंड टरबाइन म्हणजे दीर्घायुषी टरबाइन. शिवाय मिथेनचा पंप मिथेनप्रधान वायूवर व ऑक्सिजनचा पंप ऑक्सिजनप्रधान वायूवर फिरत असल्यामुळे, दोहोंमधील आच्छादन झिजून स्फोट होण्याचा धोकाही टळतो.

मिथेनचे खरे श्रेय येथे आहे, असे प्रस्तुत लेखकास वाटते. केरोसीन अपुऱ्या ऑक्सिजनात जाळले की काजळी धरते आणि पात्यांवर बसते. म्हणूनच सोव्हिएत अभियंत्यांनी आपली उच्च दाबाची केरोसीन-एंजिने ऑक्सिजनप्रधान पूर्वज्वलनावर चालविली. हायड्रोजन काजळीमुक्त खरा, पण द्रवरूपातही त्याची घनता पाण्याच्या चौदाव्या हिश्श्याइतकी. त्याचे पंप आणि टाक्या दोन्ही अवजड होतात. मिथेनच्या रेणूत कार्बन-कार्बन बंधच नसल्याने काजळी अल्प, आणि घनता सुमारे ०.४२. ते उकळते उणे १६२ अंशांस व ऑक्सिजन उणे १८३ अंशांस, त्यामुळे दोन्ही टाक्या शेजारी ठेवणेही सोपे जाते.

कल्पना नवी नव्हे. ग्लुश्को यांच्या आरडी-२७० या पूर्णप्रवाही एंजिनाच्या चाचण्या १९६० नंतरच्या दशकातच झाल्या होत्या. ते वेगळ्या, विषारी प्रचालकांवर चालत असे आणि कधीच उडाले नाही. या प्रकारचे एंजिन प्रथम उडाले ते २०१९ मध्ये, रॅप्टरच्या रूपाने. उष्ण, दाबयुक्त ऑक्सिजनात बहुतेक धातू पेट घेतात. त्यास तोंड देण्यासाठी निकेलप्रधान मिश्रधातू लागतात.

उलट बाजूचा पुरावाही पाहण्यासारखा आहे. मिथेनच्या बळावर कक्षेत पोहोचलेला पहिला अग्निबाण म्हणजे चीनचा झूच्वे-२. १२ जुलै २०२३ रोजीच्या त्या यशस्वी उड्डाणातील एंजिने जुन्या, टरबाइनचा वायू बाहेर टाकणाऱ्या पद्धतीचीच होती. ब्लू ओरिजिनच्या बीई-४ मध्ये एकच ऑक्सिजनप्रधान पूर्वज्वलन कक्ष असून मुख्य कक्षातील दाब सुमारे १३४ बार, म्हणजे मुद्दामच मध्यम, ठेवलेला आहे. ते एंजिन जानेवारी २०२४ मध्ये व्हल्कन या अग्निबाणावर प्रथम उडाले. इंधन तेच, रचना तीन.

दाब वाढविण्याची किंमत अखेर भिंतींना मोजावी लागते. वायूकडून कक्षाच्या भिंतीकडे जाणारी उष्णता दाबाच्या ०.८ घाताच्या प्रमाणात वाढते. १०० बारवरून ३०० बारवर गेल्यास ती सुमारे २.४ पट होते. भिंतीतील सूक्ष्म नलिकांतून वाहणारे मिथेन ही उष्णता वाहून नेते आणि केरोसीनप्रमाणे त्या नलिकांत सहजी कोळसा धरीत नाही. तरीही कंठाजवळ भिंतीलगत इंधनाचा पातळ थर सोडावा लागल्यास तेवढी कार्यक्षमता खर्ची पडते. अशी एंजिने किती वेळा वापरता येतील, हे आता उड्डाणांतूनच ठरत आहे. २७ मे २०२५ रोजीच्या स्टारशिपच्या नवव्या चाचणी-उड्डाणात पहिल्या टप्प्यावरील ३३ रॅप्टरांपैकी २९ आधी एकदा उडालेली होती.