अक्षरांपलीकडची हुशारी

आपल्या घरांत मुलाची हुशारी बहुधा त्याच्या जिभेवरून ठरते. पाठांतर स्पष्ट, उत्तर तत्पर आणि अक्षर सुरेख असलें, कीं आजोबांपासून आत्यांपर्यंत सर्वांचें एकमत होतें. उलट जें मूल बोलतांना अडखळतें, परंतु बिघडलेलें कुलूप सुटें करून पुन्हां बिनचूक बसवितें, त्याच्या वांट्याला ‘उचापती’ एवढीच पदवी येते. या दुसऱ्या मुलाविषयीं आज चार शब्द लिहावयाचें आम्हीं योजिलें आहे.

वस्तूचा आकार मनांत धरणें, तो मनांतल्या मनांत फिरविणें, त्याची घडी घालणें वा उलगडणें, आणि दुसऱ्या बाजूनें ती वस्तु कशी दिसेल हें ओळखणें, या शक्तीला मानसशास्त्रज्ञ ‘दृश्य-अवकाशीय क्षमता’ म्हणतात. आम्ही तिला सोयीसाठीं आकृतिबुद्धि म्हणूं. एका खणांतून कापड वायां न घालवितां चोळी बेतणारी आजी आणि ठिपक्यांची रांगोळी कोठेंही न अडतां पुरी करणारी सून, या दोघीही हिचाच उपयोग करीत असतात. आपल्या वैदिक परंपरेलाही ती परकी नाहीं. शुल्बसूत्रांतील श्येनचिति, म्हणजे पंख पसरलेल्या ससाण्याच्या आकाराची वेदी, ५ थरांत, प्रत्येक थराला २०० विटा याप्रमाणें रचावयाची असे. आणि खालच्या थराची सांध वरच्या थराच्या सांधेखालीं येऊं द्यावयाची नसे. तें काम केवळ मुखोद्गत सूत्रांनीं होण्यासारखें नव्हतें.

ही शक्ति म्हणजे चित्रकला नव्हे, कीं रंगांची पारखही नव्हे. याचें उत्तम उदाहरण आपल्याच प्रांतांत आहे. लक्ष्मणराव किर्लोस्कर १८८५ सालीं मुंबईच्या जे. जे. कलाशाळेंत चित्रकला शिकावयास गेले. पुढें त्यांना कांहीं रंग नीट ओळखूं येत नाहींत असें आढळलें, आणि रंगचित्रांचा मार्ग बंद झाला. परंतु यंत्रांच्या रेखाकृति काढण्यास रंग लागत नाहींत. लक्ष्मणरावांनीं त्या विषयाची कास धरिली, व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्यें तो शिकविला, आणि पुढें लोखंडी नांगर घडविले. १९१० सालीं औंधच्या संस्थानिकांनीं दिलेल्या कुंडलजवळच्या माळावर त्यांनीं कारखाना व वसाहत उभारली. तीच आज सांगली जिल्ह्यांत असलेली किर्लोस्करवाडी. रंगांच्या एका परीक्षेवरून त्यांच्या आकृतिबुद्धीविषयीं निकाल दिला गेला असता, तर तो किती खोटा ठरता!

आतां ही शक्ति मोजतात कशी तें पाहूं. एक चौकोनी कागद उभा दुमडा, मग आडवा दुमडा, आणि त्या घडीच्या बरोबर मध्यें एक भोंक पाडा. उलगडल्यावर भोंकें किती आणि कोठें? उत्तर असें, कीं चार. कागदाच्या प्रत्येक चतुर्थांशाच्या मध्यभागीं एकेक. कागदास हात न लावतां हें ज्याला दिसतें, त्याची एक कसोटी झाली. दुसऱ्या प्रकारांत रंगीत ठोकळे जुळवून दाखविलेली नक्षी करावयाची असते. १९२० च्या सुमारास कोह्स यांनीं ही कसोटी प्रसिद्ध केली, आपल्याकडे डॉ. भाटिया यांनीं १९५५ सालीं भारतीय मुलांसाठीं सिद्ध केलेल्या पांच कसोट्यांतही ती घेतलेली आहे. तिसऱ्या प्रकारांत ठोकळ्यांच्या दोन आकृति दाखवून, दुसरी ही पहिलीच फिरविलेली आहे कीं निराळी आहे, असें विचारतात. १९७१ सालीं शेपर्ड व मेट्झलर यांना असें आढळलें, कीं दोन आकृतींमधील कोन जितका मोठा, तितका उत्तराला वेळ अधिक, आणि ही वाढही प्रमाणशीर. जणूं मन ती आकृति खरोखरच हळूहळू फिरवीत असतें!

मात्र कसोटी कशाची आहे हें विसरतां कामा नये. बिने यांची बुद्धिमापनाची पद्धति १९०५ सालीं पॅरिसमध्यें निघाली. धारवाडचे डॉ. कामत यांनीं तिचें मराठी व कानडी मुलांसाठीं रूपांतर केलें, आणि त्यावरील त्यांचा ग्रंथ १९४० सालीं प्रसिद्ध झाला. ही मोलाची कामगिरी होय. तथापि या पद्धतींत भाषेचा भाग मोठा असतो. कॅलिफोर्नियांत १९२१ सालीं टर्मन यांनीं याच वळणाच्या कसोटीनें असामान्य मुलें निवडलीं. त्या निवडींतून विल्यम शॉक्ली आणि लुई अल्वारेझ हे दोघे गळाले. आणि पुढें दोघांनाही पदार्थविज्ञानाचें नोबेल पारितोषिक मिळालें, एकास १९५६ सालीं व दुसऱ्यास १९६८ सालीं! निवडलेल्या मुलांपैकीं मात्र तें कोणालाच मिळालें नाहीं.

सातारा-सांगलीकडील घरांत शिष्यवृत्तीची ‘बुद्धिमत्ता चाचणी’ सर्वांच्या परिचयाची आहे. साताऱ्याच्या सैनिक शाळेच्या प्रवेशपरीक्षेंतही बुद्धिमत्तेचे प्रश्न असतात. आरशांतील प्रतिमा, पाण्यांतील प्रतिमा, गटांत न बसणारी आकृति ओळखणें, हे सारे आकृतिबुद्धीचेच प्रश्न होत. परंतु ज्या मुलानें तशाच शेंकडों आकृति आधीं सोडविल्या, त्याचे गुण आणि ज्यानें त्या प्रथमच पाहिल्या, त्याचे गुण एकाच तराजूंत तोलणें अन्यायाचें आहे. शिवाय घाई, भीति किंवा अधू डोळे यांनींही गुण घसरतात. कमी गुण म्हणजे जन्माचा निकाल नव्हे.

कारण ही शक्ति अभ्यासानें वाढते. २०१३ सालीं २१७ संशोधनांचा एकत्र विचार होऊन हाच निष्कर्ष निघाला, आणि ही वाढ टिकते असेंही दिसून आलें. यासाठीं द्रव्य खर्चावयास नको. साताऱ्याच्या मुलाला अजिंक्यतारा राजवाड्यावरून दिसतो तसा आणि यवतेश्वराच्या घाटांतून दिसतो तसा काढावयास सांगावें. सांगलीच्या मुलीला गणपतीच्या देवळापासून आयर्विन पुलापर्यंतचा नकाशा काढावयास लावून, परततांना कोणतें वळण उजव्या हाताला येईल हें विचारावें. मुलीला रांगोळी आणि मुलाला हातोडी अशी वांटणीही नको. दोघांनाही दोन्हीं द्यावें.

भूमितीच्या वर्गांत आम्हीं असे विद्यार्थी पुष्कळ पाहिले, ज्यांना प्रमेयाचें विधान धड म्हणतां येत नसे, परंतु आकृति उलटी मांडली तरी समान कोनावर त्यांचें बोट अचूक पडे. उत्तर त्यांना ठाऊक असे. शब्द तेवढे मागाहून येत. घरांत असें मूल असेल, तर वडीलधाऱ्यांनीं ‘तोंडानें सांग’ असा हट्ट धरण्यापूर्वीं एकदां ‘काढून दाखव’ असें म्हणावें.