उसनी चाल, परक्याची ओसरी

नारायणगडाला ‘धाकटी पंढरी’ म्हणतात. एकादशीला गडावर येणाऱ्या दिंड्यांत टाळ-मृदंगाबरोबर आता मोबाइलही उंचावलेले दिसतात. पावली खेळणाऱ्यांची काही सेकंदांची चित्रफीत संध्याकाळपर्यंत कुणाच्या तरी रीलवर येते. मागे वाजत असते ते मात्र बऱ्याचदा दुसरेच गाणे. दृश्य गडाचे, आवाज बाहेरचा. ‘ट्रेंड’चे मर्म या अदलाबदलीत आहे.

सूर उसना घेणे आपल्याला नवे नाही. भजनी मंडळांनी सिनेमाच्या चालीवर अभंग म्हटले, मेळ्यांनी आणि कलापथकांनी गाजलेल्या चालींवर नवी पदे रचली. तिथे चाल उसनी, शब्द आपले. ट्रेंडमध्ये सूर, शब्द, हावभाव सारेच तयार मिळते. आपला असतो तो चेहरा आणि मागचे शिवार. म्हणून नक्कल क्षणात जमते आणि वणव्यासारखी पसरते.

दुसरा फरक वाटपाचा. व्हॉट्सॲपवरची चित्रफीत बहुधा ओळखीच्या माणसाकडून येते. टिकटॉकने ओळखीची अट काढली. कोण किती वेळ थांबला, कुणी पुन्हा पाहिले, कुणी पुढे पाठवले, हे मोजून यंत्रच पुढचा प्रेक्षक ठरवू लागले. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आल्यापासून डेटा स्वस्त झालाच होता. भांडवल, इंग्रजी, वशिला यांवाचून खेड्यातला मुलगा लाखोंपर्यंत पोहोचू लागला. बारामती तालुक्यातल्या मोढवे गावचा सूरज चव्हाण याच वाटेने पुढे आला. ६ ऑक्टोबर २०२४ रोजी तो ‘बिग बॉस मराठी’चा विजेता ठरला. एप्रिल २०२५ मध्ये केदार शिंदे यांनी त्याला घेऊन केलेला चित्रपट आला. त्याच्या तोंडचे ‘झापुक झुपूक’ हेच त्या चित्रपटाचे नाव झाले.

या वाटेवर मध्येच एक दरी होती. २९ जून २०२० रोजी केंद्र सरकारने ५९ ॲपवर बंदी घातली. त्यात टिकटॉक होते. ॲप गेले, सवय राहिली. जुलैत इन्स्टाग्रामचे रील्स, सप्टेंबरात यूट्यूबचे शॉर्ट्स भारतात आले. पण प्रेक्षक नव्याने जमवावे लागले आणि ज्यांनी मूळ चित्रफिती स्वतःजवळ ठेवल्या नव्हत्या, त्यांची कमाई एका रात्रीत नजरेआड झाली.

माझ्या कपाटात कीर्तनाच्या जुन्या कॅसेट आहेत. आवाज खरखरतो, पण त्या घरात आहेत. त्या तीन-चार वर्षांतली आपल्या भागातली बोली, थट्टा, नाच यांचा अभ्यास करू पाहणाऱ्याच्या हाती मात्र फारसे काही लागत नाही. आपण संसार परक्याच्या ओसरीवर मांडला होता.

ट्रेंडला नावे ठेवून तो थांबणार नाही. निदान मूळ आवाजासह पूर्ण चित्रफीत, तिची तारीख, गाव आणि कलावंताचे नाव एवढे गावच्या वाचनालयात एखाद्या हार्डडिस्कवर जपता येईल. पूर्वी भजनी मंडळाची वही जपत, तसेच.